त्या पाचशे रुपयांचा हिशेब

(आपल्या कामाला हातभार लावणाऱ्या मंडळ्यांचे सभासद कशेळे येथे भेटीला आले होते. त्या वेळी झालेले हे भाषण वाचकांसाठी थोडे नीटनेटके करून देत आहोत.)



कर्जत स्टेशनवर उतरून, मुरबाडच्या रस्त्याने तुम्ही इथवर आलात. सकाळी वाडीवर जाऊन आलात. बायांनी तुम्हाला कोरा चहा दिला, पोरांनी गाणी म्हणून दाखवली. टेकाड उतरताना आपल्यापैकी एक जण मला म्हणाले, "ताई, या लोकांकडे काही नाही, पण चेहऱ्यावर किती समाधान आहे! आपण यांच्याकडून शिकायला हवे."

हे वाक्य मी दरवर्षी ऐकते. बोलणाऱ्याचे मन चांगले असते, यात शंका नाही. सुरुवातीची काही वर्षे मीही हेच म्हणत असे. आपल्या या पत्रिकेतही मी तसे लिहिले होते. आज मला त्या वाक्याबद्दलच बोलायचे आहे. आणि त्याबरोबर तुमच्या दानातल्या पाचशे रुपयांचा हिशेब द्यायचा आहे. तो द्यायला मला उशीर झाला आहे.

आधी आपण ज्यांना भेटलात त्यांच्याविषयी थोडे. कर्जत-खालापूरच्या या पट्ट्यात ठाकूर, कातकरी आणि महादेव कोळी राहतात. महाराष्ट्रात तीन जमातींना सरकार विशेष दुर्बल आदिवासी गट मानते: कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड. खैराच्या लाकडापासून काथ काढायचा, हा कातकऱ्यांचा जुना धंदा. त्यावरूनच त्यांचे नाव पडले. जंगलावर बंधने आली आणि काथ गेला. मग कोळसा पाडायचे काम राहिले, आणि त्यानंतर वीटभट्टी. ठाकरांकडे निदान उतारावर नाचणी-वरीचे तुकडे आहेत. कातकऱ्यांच्या पुष्कळ वाड्यांत झोपडीखालची जागादेखील दुसऱ्याच्या नावावर असते.

त्यांचे वर्ष कसे जाते ते ऐका. पावसाळ्यात भातलावणीची मजुरी मिळते. लावणी संपली की हात रिकामे. श्रावण-भाद्रपदात डबे खडखडतात, आणि नेमका तेव्हा भट्टीचा मुकादम वाडीवर येतो. तो उचल देतो. कोणाला आजारपणासाठी, कोणाला लग्नासाठी, कोणाला नुसते पोट भरायला. दिवाळी झाली की घराला कुडाचे दार लावून सगळे कुटुंब भट्टीवर जाते, ते पावसाच्या तोंडावर परततात. किती विटा पाडल्या आणि किती उचल फिटली, हे मुकादमाच्या वहीत असते. ती वही त्यांना वाचता येत नाही. वेठबिगारी १९७६ च्या कायद्याने बंद झाली, पण वही अजून चालू आहे.

आता भ्रष्टाचाराकडे येते. हा शब्द ऐकला की आपल्याला मोठे आकडे आठवतात. ते आकडे आपल्या दारातही आहेत. याच तालुक्यात उल्हास नदीवर कोंढाणे धरण व्हायचे होते. सुमारे ८० कोटी रुपयांचे काम २०११ मध्ये कागदावरच ६०० कोटींच्या पुढे गेले. त्यावर ओरड झाली, उच्च न्यायालयात याचिका गेली, काम थांबले, पुढे गुन्हाही नोंदवला गेला. दुसरे उदाहरण आदिवासी विकासाच्या योजनांचे. २००४ ते २००९ या वर्षांत आदिवासींच्या नावाने डिझेल इंजिने, पाइप, दुभती जनावरे अशी खरेदी झाली. त्यातल्या गैरव्यवहाराच्या चौकशीसाठी उच्च न्यायालयाच्या आदेशावरून निवृत्त न्यायमूर्ती एम. जी. गायकवाड यांची समिती नेमली गेली आणि तिचा अहवाल २०१७ मध्ये आला.

वाडीवरच्या बाईला यातले काय कळते? आपल्या नावावर एखादी वस्तू मंजूर झाली होती, हेच जिला ठाऊक नाही, ती ती वस्तू मिळाली नाही म्हणून ओरडेल कशी? ती ओरडत नाही, आणि आपण बाहेरून पाहून म्हणतो, किती समाधानी!

तिला कळतो तो लहान भ्रष्टाचार. अंत्योदय कार्डावर कुटुंबाला महिन्याला ३५ किलो धान्य मिळायचे असते, आणि २०२३ च्या जानेवारीपासून ते फुकट आहे. एका वाडीवर मी स्वतः ताणकाटा घेऊन गेले होते. यंत्रावर अंगठा ३५ किलोचा लागला होता, आणि पिशव्यांत भरले ३० किलो. मी म्हटले, "चला, आत्ताच विचारू." एक म्हातारी मला म्हणाली, "बाय, तू संध्याकाळच्या गाडीनं जाशील. पुढच्या महिन्याला माझा अंगठा यंत्राला लागला नाही, तर मी कुणाकडं जाऊ?"

बंधुभगिनींनो, हे समाधान नव्हे. हा हिशेब आहे, आणि तो तिला आपल्यापेक्षा चांगला येतो. तक्रारीला जायचे तर एका दिवसाची मजुरी बुडते. टमटमचे भाडे जाते. साहेब नसले तर पुन्हा दुसरा दिवस. ज्याच्याविरुद्ध बोलायचे त्याच्याच सहीने उद्याचा दाखला मिळायचा असतो. ज्याच्या जागेत झोपडी आहे तो त्याचाच सोयरा असतो. पाच किलो धान्यासाठी एवढे सगळे पणाला लावायचे की नाही, हे ती मनातल्या मनात मांडते आणि गप्प बसते.

गप्प राहणे हा या लोकांचा स्वभावच आहे, असे कोणी म्हणेल तर त्याला इथला इतिहास सांगा. २५ सप्टेंबर १९३० रोजी उरण तालुक्यातल्या चिरनेरला जंगल सत्याग्रहात गोळीबार झाला. त्यात हुतात्मा झालेल्यांमध्ये नाग्या कातकरी होता. गप्प राहणाऱ्याचे नाव हुतात्म्यांमध्ये लागत नाही. दूरच्या फिलिपिन्स देशाकडे पाहा. तिथली गरीब ख्रिस्ती जनताही अशीच वर्षानुवर्षे सोसणारी म्हणून ओळखली जाते. पण १९८६ च्या फेब्रुवारीत मनिलाच्या रस्त्यावर लाखो माणसे उतरली, नन भगिनी हातात जपमाळा घेऊन रणगाड्यांपुढे गुडघे टेकून बसल्या, आणि मार्कोसची राजवट कोसळली. एवढे करूनही तिथला भ्रष्टाचार संपला नाही. २०२५ च्या सप्टेंबरात तीच माणसे पुन्हा रस्त्यावर आली. या वेळी पूर अडवण्याच्या कामांतला पैसा खाल्ल्याबद्दल. लोक सोसतात ते पुढे कोणी उभे राहणारे दिसत नाही म्हणून. दिसले की ते उठतात. आणि एकदा उठून भागत नाही, पुन्हा पुन्हा उठावे लागते.

आता माझा हिशेब.

सात-आठ वर्षांपूर्वीची गोष्ट. एका कातकरी कुटुंबाला जातीचा दाखला हवा होता. तुम्हाला वाटेल, दाखल्यात काय एवढे? अनुसूचित जमातीचा दाखला हवा असेल, तर आपले कुटुंब ६ सप्टेंबर १९५० च्या आधीपासून या राज्यात राहत होते, असा पुरावा मागतात. ज्याचा आजा खैराच्या झाडामागे एका डोंगरावरून दुसऱ्या डोंगरावर गेला, ज्याच्या नावावर वीतभर जमीन नव्हती, जो शाळेची पायरी चढला नाही, त्याने १९५० चा कागद आणायचा कुठून? यासाठी गृहचौकशी, पंचनामा असे मार्ग आहेत. पण ते मार्ग टेबलाच्या पलीकडच्या माणसाच्या इच्छेवर चालतात. आम्ही चार खेपा घातल्या. चौथ्या खेपेला एकाने मला बाजूला घेऊन हळूच सांगितले, "ताई, चहापाण्याचे बघा, संध्याकाळपर्यंत होईल." कोणते कार्यालय आणि कोणता माणूस, ते सांगण्यात आज अर्थ नाही.

त्या बापाची तीन दिवसांची मजुरी आधीच बुडाली होती. मी पाचशे रुपये काढून दिले. संध्याकाळी खरेच काम झाले. बापाने माझे पाय धरले, आणि मला फार मोठे काम केल्यासारखे वाटले. ते पैसे संस्थेचे होते, म्हणजे तुमचे. व्हाउचरवर मी लिहिले, "प्रवासखर्च". मी धर्मशास्त्राचा डिप्लोमा घेतला आहे, खोटी साक्ष देऊ नये ही आज्ञा मुलांना पाठ करायला लावली आहे, आणि माझ्या हाताने मी ते लिहिले.

महिन्याभराने त्याच वाडीवरची दुसरी बाई माझ्याकडे आली. तिच्याकडेही पाचशे मागितले होते. त्याच्या आदल्या वर्षी तिच्या दिराकडे दोनशेच मागितले होते. तिने मला सांगितले, "ते म्हनले, तुमच्या ताईनी दिले, तुम्ही पन द्या." मी एका घराचे भले करायला गेले आणि सगळ्या वाडीचा भाव वाढवून आले.

त्या रात्री मला झोप आली नाही. सकाळी मी खजिनदारांकडे जाऊन सगळे सांगितले. ते रागावले, आणि ते बरोबरच होते. पाचशे रुपये मी माझ्या पगारातून भरले आणि व्हाउचरवर खरे काय ते लिहिले. पण तुम्हाला, ज्यांचे पैसे होते त्यांना, मी कधी सांगितले नाही. आज सांगते, आणि तुमची क्षमा मागते.

त्या दिवसापासून आम्ही ठरवले की या कामात एक रुपयाही लाच द्यायची नाही. ऐकायला हे चांगले वाटते. पुढचे ऐका.

दोन वर्षांनी एका वाडीवरची मुलगी दहावी पास झाली. त्या वाडीवरची पहिलीच. अकरावीसाठी तिला मुलींच्या सरकारी वसतिगृहात जागा हवी होती, आणि त्यासाठी जातीचा दाखला. पुन्हा तेच टेबल, तेच बाजूला घेणे. मी ठामपणे नाही म्हटले. आम्ही अर्ज केला आणि वाट पाहिली. दाखला आला तोवर दिवाळी झाली होती. वसतिगृहाची यादी केव्हाच लागून गेली होती. शेजारच्या वाडीतल्या एका मुलीच्या बापाने पैसे दिले होते, तिला जागा मिळाली. आमची मुलगी आईबापांबरोबर भट्टीवर गेली.

जाताना तिची आई मला म्हणाली, "ताई, तुमचं तत्त्व राहिलं, आमच्या पोरीचं वरीस गेलं."

याला माझ्याकडे उत्तर नव्हते. आजही पूर्ण उत्तर नाही. लाच द्यायची नाही हे तत्त्व माझे होते, पण त्याची किंमत मी भरली नाही. ती एका सोळा वर्षांच्या मुलीने विटा उचलून भरली. प्रामाणिकपणाचे ओझे आपण सर्वांत गरीब माणसाच्या डोक्यावर ठेवून मोकळे होतो, तेव्हा त्यात धार्मिकपणा असेल, पण प्रीती नसते. हे मला त्या आईने शिकवले.

मग मी शुभवर्तमान पुन्हा उघडले. लूकच्या अठराव्या अध्यायातली विधवा तुम्हाला माहीत आहे. न्यायाधीश देवाला भीत नाही, माणसाची पर्वा करत नाही. तिच्याकडे द्यायला पैसा नाही, ओळख नाही. तिच्याकडे एकच गोष्ट आहे: ती पुन्हा पुन्हा येते. आपण हा दाखला प्रार्थनेच्या संदर्भात ऐकतो आणि ते योग्यच आहे. पण प्रभूने प्रार्थना शिकवताना उदाहरण दिले ते कचेरीच्या दारात उभ्या असलेल्या बाईचे, हे आपण विसरतो. आणि माझ्या मनात प्रश्न आला, तिच्या मंडळीतले लोक कुठे होते? ती एकटीच का येत होती?

तिथून आमची पद्धत बदलली. एकट्या बाईला पाठवायचे नाही. अर्ज वर्षभर आधी, मूल नववीत असतानाच करायचा, म्हणजे उशीर झाला तरी वर्ष जाणार नाही. दहा-बारा जणींनी एकाच दिवशी जायचे, अर्ज लेखी द्यायचा, आणि पोच घेतल्याशिवाय दारातून हलायचे नाही. राज्यात २०१५ पासून लोकसेवा हक्क कायदा आहे. त्यात ठरलेल्या सेवेला ठरलेली मुदत आहे, मुदत टळली तर वरच्या अधिकाऱ्याकडे अपील आहे. पण ती मुदत मोजायला सुरुवात होते पोचेवरच्या तारखेपासून. पोच नसेल तर कायदा नसल्यासारखाच. आणि त्या दिवशी बुडणारी मजुरी आणि गाडीभाडे संस्था देते. उघड देते, आणि व्हाउचरवर तेच लिहिते. पूर्वी तुमचे पाचशे रुपये टेबलाखालून गेले. आता ते टेबलासमोर उभ्या असलेल्या बाईच्या हातात जातात.

पहिल्या दिवशी अकरा बाया आल्या होत्या. पोच मागितल्यावर पलीकडच्या माणसाने हसून म्हटले, "तुम्हाला वाचता तरी येते का?" तेव्हा त्यातली एक, तीच, जिच्या मुलीचे वर्ष गेले होते ती, म्हणाली, "मला नाय येत. माझ्या पोरीला येतं. ती वाचंल." दुपारी तीनपर्यंत आम्ही बाकावर बसून राहिलो. मग शिक्के मारलेल्या अकरा पोचा मिळाल्या. त्या बाईने आपली पोच प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कमरेला खोचली.

सगळे सुरळीत झाले असे मी सांगणार नाही. अकरांपैकी सात दाखले मुदतीत आले. दोन अपिलात गेल्यावर आले. दोन पुराव्यांवाचून अडले आहेत. त्या मुलीला दुसऱ्या वर्षी वसतिगृहात जागा मिळाली, पण गेलेले वर्ष गेलेच. तिची आई माझ्याशी बोलते, चहा देते, पण ते वाक्य तिने मागे घेतलेले नाही. मीही तशी अपेक्षा करत नाही.

याच कशेळ्याने आपल्याला आणखी एक धडा दिला आहे. अ‍ॅकॅडमी ऑफ डेव्हलपमेंट सायन्स या संस्थेने इथल्या गावांत धान्य बँका उभ्या केल्या. पावसाळ्यात सावकाराकडून घेतलेले धान्य कापणीनंतर दीडपट, दुप्पट करून फेडावे लागे. गावाने स्वतःची कोठी केली, तेव्हा धान्य कोणाला किती द्यायचे ते गावच ठरवू लागले. वही गावाच्या हातात आली. गरिबाला दया मिळाली की त्याचे पोट एक दिवस भरते. वही हातात आली की त्याची मान ताठ होते.

आता तुमच्यापुढे माझ्या तीन विनंत्या.

पहिली. १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापुरात इर्शाळवाडीवर दरड कोसळली, तेव्हा सगळीकडून ब्लँकेटे आली, धान्य आले. देव त्या देणाऱ्यांना आशीर्वाद देवो. पण रोज थोडीथोडी कोसळणारी दरड कोणाला दिसत नाही. तिच्यासाठी कपड्यांच्या गाठोड्यापेक्षा तुमचा एक दिवस हवा. महिन्यातून एकदा कर्जतला या आणि आमच्या बायांबरोबर बाकावर बसा. काही बोलू नका. शिकलेले चार लोक नुसते शेजारी बसले, तरी पलीकडचा आवाज बदलतो, हे मी पाहिले आहे.

दुसरी. तुमच्यापैकी पुष्कळ जण सरकारी नोकरीत आहेत, होते, किंवा तुमची मुले आहेत. बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाकडे जकातदार आले आणि आम्ही काय करावे असे विचारू लागले, तेव्हा त्याने त्यांना नोकरी सोडायला सांगितले नाही. ठरले आहे त्यापेक्षा जास्त घेऊ नका, एवढेच सांगितले. जक्कयाने तर घेतलेले चौपट परत करायचे कबूल केले. तुमच्या टेबलावर उद्या एखादी बाई कमरेची पिशवी सोडून कागद काढेल, तेव्हा ती या वाडीवरची आहे असे समजा. तिचा कागद त्याच दिवशी पुढे सरकवा. ते तुमचे दान समजले जाईल. आणि आपल्यापैकी कोणाकडे लाच मागितली गेली, तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा क्रमांक लक्षात ठेवा. २०१८ पासून लाच देणेही गुन्हा आहे. जबरदस्तीने द्यावी लागली, तर सात दिवसांच्या आत कळवायचे असते. मी त्या वेळी कळवले नव्हते, हेही माझ्या हिशेबात धरा.

तिसरी विनंती. आमच्याकडे हिशेब मागा. "ताई प्रभूचे काम करतात, त्यांना काय विचारायचे," असे म्हणू नका. मला कोणी विचारले असते, तर ते "प्रवासखर्च" मी लिहिले नसते. जे टेबलाच्या पलीकडच्या माणसाला लागू, ते मलाही लागू.

आणि प्रार्थना करा. पण या लोकांना सोसायची शक्ती मिळो, अशी प्रार्थना आता पुरे झाली. ती शक्ती त्यांच्याकडे आपल्यापेक्षा कितीतरी जास्त आहे. आपल्याला त्यांच्या शेजारी बसायचे बळ मिळो, अशी प्रार्थना करा. अडकलेल्या त्या दोन दाखल्यांसाठी प्रार्थना करा. भट्टीवर जाणाऱ्या मुलांसाठी करा. पलीकडे बसणाऱ्या माणसासाठीही करा, कारण जक्कयही एके काळी तिथेच बसला होता.

परतताना वाडीवरून तुमची गाडी जाईल, आणि त्या बाया हात हलवतील. त्या हसतीलही. ते हसणे खरे आहे, पाहुण्यांसाठी आहे, आणि त्याबद्दल देवाचे आभार माना. फक्त त्याला समाधान म्हणू नका.

प्रभू तुम्हा सर्वांना आशीर्वादित करो. आमेन.